होर्यूजी विहाराशेजारची दफनटेकडी

जपानच्या नारा प्रांतात इकारुगा नावाचे एक लहान गाव आहे. बौद्ध कलेच्या अभ्यासकांना हे नाव परिचित असते ते तेथील होर्यूजी विहारामुळे. जगातील सर्वांत जुन्या लाकडी इमारती या विहारात आजही उभ्या आहेत आणि १९९३ पासून हा परिसर जागतिक वारशाच्या यादीत समाविष्ट आहे. या विहाराच्या पश्चिम परिसरापासून सुमारे साडेतीनशे मीटर अंतरावर मातीची एक गोल टेकडी आहे. व्यास सुमारे पन्नास मीटर, उंची नऊ मीटरच्या आसपास. ही टेकडी निसर्गाने घडविलेली नाही. सहाव्या शतकाच्या उत्तरार्धात माणसांनी माती वाहून आणून, थर देऊन ती उभी केली आणि तिच्या पोटात दोन व्यक्तींना चिरविश्रांतीसाठी ठेवले. तिचे नाव फुजिनोकी कोफुन.

विहार आणि टेकडी यांचे हे शेजारपण सहज ओलांडून जाण्याजोगे नाही. ज्या काळात जपानमध्ये धम्म रुजला, नेमक्या त्याच काळातील ही टेकडी आहे. धम्माच्या आगमनाची कथा आपण एरवी ग्रंथांतून वाचतो. येथे ती मातीतून, गंजलेल्या लोखंडातून आणि फुलांच्या परागकणांतून वाचावी लागते, आणि ती ग्रंथातल्यापेक्षा काहीशी अवघड निघते.

‘कोफुन’ या शब्दाचा अर्थ केवळ ‘जुने थडगे’ असा आहे. इसवी सनाच्या तिसऱ्या शतकाच्या मध्यापासून सातव्या शतकापर्यंत जपानमध्ये राजे, सरदार आणि स्थानिक प्रमुख यांच्यासाठी अशा टेकड्या बांधल्या गेल्या. त्यांची आजवर नोंदलेली संख्या सुमारे १ लाख ६० हजार आहे. बहुतेक टेकड्या लहान व गोल आहेत. पण ज्यांच्यामुळे हा काळ ओळखला जातो, त्या टेकड्यांचा आकार वरून पाहिल्यास जुन्या कुलपाच्या किल्लीच्या छिद्रासारखा दिसतो: एका बाजूस वर्तुळ आणि त्याला जोडून पसरत गेलेला चौकोनी भाग. ओसाका प्रांतातील साकाइ शहरात असलेला दाइसेन कोफुन हा त्यांतील सर्वांत मोठा. त्याची लांबी सुमारे ४८६ मीटर असून त्याच्याभोवती पाण्याचे तीन खंदक आहेत. परंपरेने तो सम्राट निंतोकु यांचा मानला जातो. १९८५ मध्ये ओबायाशी या बांधकाम कंपनीने हिशेब मांडला होता की प्राचीन साधनांनी, दिवसाला जास्तीत जास्त दोन हजार मजूर कामास लावून, ही एक टेकडी उभारण्यास १५ वर्षे ८ महिने लागले असते. त्या काळी भात पिकविणाऱ्या समाजातून दोन हजार धडधाकट माणसे दररोज काढून घ्यायची, तर त्यांच्या पोटाची सोय करणारे आणखी किती हात राबत असतील, याचा हिशेब वाचकांनीच करावा. मृत राजाच्या थोरवीचा भार जिवंत कष्टकऱ्यांच्या पाठीवर होता.

मात्र अशा मोठ्या टेकड्यांत नेमके काय आहे, हे पुरातत्त्वज्ञांना पाहता येत नाही. ज्या कोफुनांना राजघराण्याची समाधिस्थाने म्हणून मान्यता मिळाली, त्यांचा ताबा राजघराण्याच्या व्यवहारखात्याकडे आहे आणि तेथे उत्खननास मनाई आहे. विद्वानांना काही वेळा कडेकडेने फिरून पाहण्याची मुभा मिळते, इतकेच. पूर्वजांविषयीचा आदर आणि सत्य जाणून घेण्याची इच्छा यांतील हा ताण जपानमध्ये अजून मिटलेला नाही.

फुजिनोकीच्या बाबतीत एक विलक्षण योगायोग घडला. इकारुगा परिसरात ही टेकडी सम्राट सुशुन यांची समाधी असल्याची समजूत होती. पण मेइजी काळात सरकारने सुशुन यांची समाधी म्हणून साकुराइजवळील कुराहाशी येथील दुसरी जागा निश्चित केली. त्यामुळे फुजिनोकी राजकीय समाधिस्थानांच्या यादीबाहेर राहिली आणि पुढे तिचे उत्खनन करण्याचा मार्ग मोकळा झाला. यादीत नाव येणे हा एरवी सन्मान समजला जातो. येथे नाव न आल्यामुळेच ज्ञानाचा दरवाजा उघडला.

बंद पेटीचे उघडणे

पहिले उत्खनन १९८५ मध्ये झाले. इकारुगा गावाची शिक्षण समिती आणि नारा प्रांताची काशिहारा पुरातत्त्व संस्था यांनी ते हाती घेतले. आग्नेय दिशेस तोंड असलेला, मोठमोठ्या शिळांनी बांधलेला एक बोळ आणि त्याच्या शेवटी दफनदालन अशी आतील रचना आढळली. बोळ व दालन मिळून लांबी सुमारे चौदा मीटर भरते. दालनाचे छत चार मीटरांहून उंच आहे. माणूस त्यात सहज उभा राहू शकतो. दालनाच्या मागील बाजूस, भिंतीला समांतर, घराच्या छपरासारखे झाकण असलेली दगडी शवपेटी आडवी ठेवलेली होती. आतून आणि बाहेरून ती लाल रंगाने माखलेली होती.

पेटी आणि मागची भिंत यांच्यामधील अरुंद जागेत घोड्याच्या साजाचा ढीग सापडला. शतकानुशतकांच्या मातीखाली दबलेला, हिरवट गंज चढलेला हा साज स्वच्छ झाला तेव्हा त्याने साऱ्या पूर्व आशियातील अभ्यासकांना चकित केले. खोगिराच्या पुढच्या व मागच्या कमानींवर सोन्याचा मुलामा दिलेल्या तांब्याचे पत्रे बसविलेले होते. त्या पत्र्यांत कासवाच्या पाठीवर असतात तशा षटकोनी चौकटींची जाळी कोरलेली आहे आणि प्रत्येक चौकटीत एक आकृती आहे: फिनिक्ससारखा काल्पनिक पक्षी, ड्रॅगन, ससा, हातात शस्त्र घेतलेला एक उग्र यक्षासारखा रक्षक, आणि हत्ती.

हत्ती हा जपानचा प्राणी नाही. हे काम करणाऱ्या कारागिराने किंवा तो साज वापरणाऱ्या स्वाराने जिवंत हत्ती पाहिलेला असण्याची शक्यता फारच कमी. अजिंठ्याची सहल केलेल्या माजी विद्यार्थ्यांना सतराव्या लेण्यातील छद्दंत जातकाचे हत्ती आठवत असतील. त्या चित्रकारांनी हत्ती रोज पाहिला होता. त्याच्या कानाची हालचाल आणि पायाची घडी त्यांना ठाऊक होती. फुजिनोकीचा हत्ती मात्र हातोहात आलेल्या आकृतींवरून घडलेला हत्ती आहे. भारतातून मध्य आशिया, तेथून चीन, मग कोरियन द्वीपकल्प आणि अखेर समुद्रापलीकडील यामातो, असा प्रतिमांचा जो प्रवाह वाहत होता, त्याचा हा शेवटचा काठ. तथापि येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. हत्ती दिसला म्हणजे तो बौद्ध प्रतीकच असला पाहिजे, असे म्हणणे घाईचे ठरेल. चिनी कलेत हत्तीची आकृती धम्म तेथे पोहोचण्यापूर्वीही होती. इतके मात्र निश्चित म्हणता येते की या खोगिरावरील प्रतिमांचे जग जपानपेक्षा कितीतरी विस्तृत आहे.

शवपेटी १९८५ मध्ये उघडली गेली नाही. आतील वस्तू नाजूक असतील, हवेचा झोत लागताच कापडाचा धागा किंवा हाडाचा तुकडा भुगा होईल, ही भीती होती. तीन वर्षे तयारी झाली. १९८८ मध्ये प्रथम वैद्यकीय तपासणीत वापरतात तशी दुर्बीण झाकण न उचलता पेटीत सोडण्यात आली. शल्यचिकित्सकाने रोग्याचे पोट फाडण्याआधी आत पाहून घ्यावे, तसाच हा प्रकार. आत पाणी साचलेले दिसले; पाण्याखाली सोने चमकत होते. चोरांचा हात पेटीला लागलेला नव्हता, हे त्या क्षणी स्पष्ट झाले. त्याच वर्षाच्या अखेरीस झाकण उचलण्यात आले.

पेटीत दोन व्यक्ती शेजारी शेजारी होत्या. उत्तरेकडील व्यक्ती तरुण, सतरा ते पंचवीस वर्षांच्या दरम्यानची. तिच्या गळ्यात माळा होत्या आणि अंगावर मण्यांचे आच्छादन असावे असे दिसते. सोन्याचा मुलामा दिलेला मुकुट होता, पण तो डोक्यावर नव्हता. दुमडून पायांकडे ठेवलेला होता. मुलामा दिलेली दोन जोड पादत्राणे होती, ज्यांचा तळ चालण्यासाठी नव्हताच. चार कांस्य आरसे, अलंकृत तलवारी, रुंद कमरपट्टा आणि दहा हजारांहून अधिक काचमणी. दक्षिणेकडील व्यक्तीची हाडे फार थोडी टिकली, मुख्यतः पायांची. तिच्या अंगावर दागिने कमी होते.

या अलंकारांपेक्षाही मला मोलाचा वाटतो तो एक न दिसणारा पुरावा. पेटीतील गाळ सूक्ष्मदर्शकाखाली तपासला असता त्यात करडईच्या फुलाचे परागकण मोठ्या प्रमाणात आढळले. करडई! सोलापूर, मराठवाड्याच्या शेतकऱ्याला ही काटेरी वनस्पती सांगायला नको. तिच्या पाकळ्यांपासून कुसुंबी रंग तयार होतो, जो आपल्याकडेही वस्त्रे रंगविण्यास वापरला जात असे. करडई जपानची मूळ वनस्पती नाही. ती पश्चिमेकडून, खंड ओलांडून तेथे पोहोचली. मृतांना कुसुंबी रंगाच्या वस्त्रांत गुंडाळले असावे, किंवा ही फुलेच पेटीत ठेवली असावीत, अशी अनुमाने केली गेली आहेत. कापड कुजले, रंग विरला, परंतु परागकणाचे कवच चौदाशे वर्षे पाण्यात राहूनही टिकले. सोने सापडले की वर्तमानपत्रे धावतात. परागकण शोधण्यासाठी मात्र गाळ फेकून न देणारा संशोधक लागतो.

ते दोघे कोण?

पेटीवर नाव नाही, लेख नाही. मग काळ कसा ठरवायचा? दालनात मृतासाठी ठेवलेली मातीची भांडी सापडली. ही करड्या रंगाची, उच्च तापमानात भाजलेली भांडी बनविण्याची विद्या पाचव्या शतकात कोरियातून जपानमध्ये आली. तेव्हापासून भट्ट्यांच्या अवशेषांवरून या भांड्यांच्या कडा, झाकणे आणि बैठका कशा बदलत गेल्या याची मालिका तज्ज्ञांनी लावलेली आहे. एखाद्या घरातील तांब्या-पितळेची भांडी पाहून ‘ही आजीच्या काळातली, ही आईच्या लग्नातली’ असे आपण सांगतो, तेच तत्त्व येथे अधिक काटेकोरपणे वापरले जाते. त्यानुसार फुजिनोकी सहाव्या शतकाच्या उत्तरार्धातील ठरते.

आता ग्रंथाकडे वळावे लागते. इ.स. ७२० मध्ये पूर्ण झालेल्या ‘निहोन शोकी’ या राजवृत्तांतानुसार कोरियातील बेकजे राज्याच्या राजाने यामातोच्या दरबारास बुद्धमूर्ती व सुत्ते पाठविली ती ५५२ मध्ये. अन्य साधनांनुसार ५३८ मध्ये. दरबारात दोन तट पडले. सोगा घराणे धम्माच्या बाजूने, तर मोनोनोबे घराणे विरोधात. इ.स. ५८४ मध्ये शिबा तात्तो यांची अकरा वर्षांची कन्या प्रव्रजित झाली. तिचे नाव झेनशिन-नी. तिच्यासह आणखी दोघी. जपानमध्ये प्रथम चीवर धारण करणाऱ्या व्यक्ती या तीन स्त्रिया होत, हे आपल्या मुलींनी अवश्य लक्षात ठेवावे. पुढच्याच वर्षी रोगाची साथ आली. परक्या पूजेमुळे देव कोपले, असे म्हणून मोनोनोबे नो मोरिया याने विहार जाळला, मूर्ती पाण्यात फेकविली आणि या भिक्खुणींची वस्त्रे काढून घेऊन त्यांना भर बाजारात फटके मारविले. झेनशिन-नी डगमगली नाही. ५८८ मध्ये ती विनयाच्या अध्ययनासाठी समुद्र ओलांडून बेकजेस गेली आणि दोन वर्षांनी परतली.

या संघर्षाचा निर्णायक क्षण म्हणजे ५८७ हे वर्ष. आजारी असलेल्या सम्राट योमेइ यांनी त्रिरत्नांस शरण जाण्याची इच्छा प्रकट केली. दरबारात वाद पेटला. सम्राटांचा मृत्यू झाला. मोरियाने राजपुत्र आनाहोबे यास गादीवर बसविण्याचा बेत केला. सोगा नो उमाको याने आधीच घाव घातला. जून महिन्यात आनाहोबे मारला गेला आणि दुसऱ्या दिवशी त्याचा स्नेही राजपुत्र याकाबे. पुढच्याच महिन्यात युद्ध होऊन मोरियाही ठार झाला.

दोन राजपुत्र, एकामागोमाग एक मृत्यू, आणि सहाव्या शतकाच्या अखेरची एक दगडी पेटी जिच्यात दोन व्यक्ती शेजारी आहेत. फुजिनोकीतील मृत हेच आनाहोबे आणि याकाबे असावेत, असे मत अनेक अभ्यासकांनी मांडले आहे. काळ जुळतो, वैभव जुळते, दोघांचे एकत्र दफन जुळते. शिवाय एक नाते आहे. होर्यूजीचे संस्थापक राजपुत्र शोतोकु यांच्या मातोश्री या आनाहोबेच्या सख्ख्या भगिनी. म्हणजे आनाहोबे हा शोतोकु यांचा मामा. ही टेकडी जर खरोखर त्याची असेल, तर शोतोकु यांनी आपला प्रासाद आणि विहार जिथे उभारला, तिथे जवळच त्यांचा मारला गेलेला मामा चिरनिद्रा घेत होता.

पण हे ‘जर’ मोठे आहे. दक्षिणेकडील व्यक्तीच्या घोट्यांशी मण्यांच्या माळा होत्या. कोफुनांवर मांडल्या जाणाऱ्या हानिवा नावाच्या मातीच्या पुतळ्यांत असे पायातील मणी स्त्रियांच्या पायांत दिसतात. म्हणून ती व्यक्ती स्त्री असावी, असे काही अभ्यासक म्हणतात. हाडांच्या तपासणीवरून ती पुरुष असण्याचा संभव अधिक, असे शरीरशास्त्रज्ञांचे मत होते. ती स्त्री असेल तर दोन राजपुत्रांचे अनुमान कोसळते. काहींनी वेगळीच सरदार घराणी सुचविली आहेत. प्रश्न खुला आहे, आणि खुला ठेवणेच योग्य आहे. केवळ परंपरेने सांगितले म्हणून, ग्रंथात आहे म्हणून, किंवा तर्काला पटते म्हणून स्वीकारू नका, हा कालामांना केलेला उपदेश आपण मुलांना शिकवितो. तो थडग्यातील मृताचे नाव ठरवितानाही लागू पडतो.

त्या कथेतील एक कटू भागही झाकून ठेवता येणार नाही. जपानमध्ये धम्माच्या बाजूने उभे राहिलेल्या घराण्याने सत्तेसाठी रक्त सांडले. सोगा नो उमाको हा धम्माचा आश्रयदाता होता, हे सत्य. आनाहोबेचा वध त्याने करविला आणि पुढे ५९२ मध्ये सम्राट सुशुन यांचाही करविला, हेही तितकेच सत्य. सुशुन हे आनाहोबेचे सख्खे बंधू. अहिंसेचा उपदेश स्वीकारला म्हणून दरबारी मनुष्य एका रात्रीत बदलत नाही. विजेत्यांच्या काळात लिहिल्या गेलेल्या वृत्तांतात आनाहोबे उद्धट आणि उतावीळ रंगविला आहे. तो तसा असेलही. परंतु त्याची बाजू सांगणारा ग्रंथ नाही.

मात्र फुजिनोकीतील मृत जर तेच असतील, तर टेकडीचे म्हणणे वेगळे आहे. राजद्रोही ठरवून मारलेल्यांना कोणी सोन्याचा मुकुट, मण्यांचे वस्त्र आणि हजारो तासांच्या कारागिरीचे खोगीर देऊन पुरत नाही. कोणीतरी त्यांना सन्मानाने निरोप दिला होता.

आणि पुढील काळातही त्यांची आठवण पूर्णपणे विझली नाही. दफनदालनात उत्खनकांना मातीच्या छोट्या पणत्या सापडल्या. त्या सहाव्या शतकातील नव्हेत, तर एदो काळातील, म्हणजे सतराव्या ते एकोणिसाव्या शतकांतील आहेत. टेकडीजवळ होशाकुजी नावाचे एक लहान बौद्ध मंदिर होते. ते १८५४ मध्ये जळाले. या मंदिरातील लोक टेकडीची देखभाल करीत आणि आत दिवे लावीत, असे मानले जाते. म्हणजे दालनात माणसांचा वावर होता, पेटी त्यांच्या डोळ्यांसमोर होती, तरीही तिचे झाकण कोणी उचलले नाही. जपानमधील बहुसंख्य कोफुन लुटले गेले, हा वाचला. यामागे निव्वळ दैव होते असे मला वाटत नाही.

टेकडीकडून स्तूपाकडे

फुजिनोकी बांधली जात होती त्या सुमारास दफनाची ही सारी परंपराच बदलू लागली होती. ५८८ मध्ये बेकजेहून शिल्पी, कौलकार आणि भिक्खू आले आणि असुका येथे जपानमधील पहिल्या पूर्ण विहाराचे, असुकादेराचे, काम सुरू झाले. ५९३ च्या आरंभी त्याच्या स्तूपाच्या पायात शरीरधातू ठेवले गेले. हा मनोरा आपल्या सांचीसारखा अर्धगोल नव्हे, तर मजल्यांचा. पण त्याचे मूळ तेच. महापरिनिब्बान सुत्तात तथागतांच्या अस्थींचे आठ भाग होऊन त्यांवर थूप उभारल्याचे वर्णन आहे. म्हणजे स्तूप हीसुद्धा मुळात अस्थींवरील टेकडीच.

असुकादेराचा मूळ स्तूप ११९६ मध्ये वीज पडून जळाला. १९५६-५७ मध्ये तेथे शास्त्रीय उत्खनन झाले. स्तूपाच्या पायात काय मिळाले? वक्राकार मणी, काचमणी, सोन्या-चांदीचे तुकडे, घोड्याच्या साजातील घंटा, लोखंडी चिलखत. ही यादी विहाराची वाटत नाही. कोफुनातील वस्तूंची वाटते! तुलनेसाठी आपल्या नालासोपाऱ्याचा स्तूप पाहावा. १८८२ मध्ये पंडित भगवानलाल इंद्रजी यांनी तो उघडला तेव्हा दगडी पेटीत एकात एक बसविलेले करंडक, भोवती आठ कांस्य बुद्धमूर्ती, आणि सर्वांत आतील सोन्याच्या करंडकात सुवर्णपुष्पे व मातीच्या पात्राचे बारीक तुकडे मिळाले. शस्त्र तेथे नव्हते. असुकाच्या लोकांनी मात्र नव्या धम्माच्या पहिल्या स्तूपात चिलखत ठेवले, कारण थोर मृतास काय अर्पण करावे याचे त्यांना ठाऊक असलेले उत्तर तेच होते. धर्मांतर एका दिवशी होते, संस्कार बदलण्यास पिढ्या जातात. आपल्या समाजातील ज्येष्ठांना हे अधिक सांगण्याची गरज नाही.

हळूहळू सरदार घराण्यांची संपत्ती टेकड्यांऐवजी विहारांकडे वळली. इ.स. ६४६ च्या एका आज्ञापत्राने थडग्यांच्या आकारावर मर्यादा घातली: राजकुळातील व्यक्तीच्या थडग्यासाठीदेखील एक हजार मजूर आणि सात दिवस, त्याहून अधिक नाही. मृतासाठी कोणी प्राण देऊ नये वा कोणाचा प्राण घेऊ नये, असेही त्यात बजावले आहे. या आज्ञापत्रात आधार घेतला आहे तो चिनी दाखल्यांचा. त्याचे सारे श्रेय धम्माला देणे योग्य होणार नाही. दाइसेन कोफुनाची पंधरा वर्षे आणि हे सात दिवस यांतील अंतर मात्र डोळ्यांत भरते.

अखेरचा बदल अग्नीने केला. भिक्खू दोशो ६५३ मध्ये चीनला गेले आणि युआन च्वांग यांच्याजवळ त्यांनी अध्ययन केले. हे तेच युआन च्वांग, ज्यांनी त्यापूर्वी काही वर्षे, चालुक्य राजा दुसरा पुलकेशी याच्या काळात, महाराष्ट्रात प्रवास केला आणि येथील लोकांच्या स्वाभिमानी स्वभावाची व डोंगरात कोरलेल्या एका विहाराची नोंद केली. तो विहार म्हणजे अजिंठा, असे बहुतेक विद्वान मानतात. दोशो इ.स. ७०० मध्ये निवर्तले. त्यांच्या इच्छेनुसार त्यांचे दहन करण्यात आले आणि जपानी राजवृत्तांत सांगतो की देशात दहनाची प्रथा येथून सुरू झाली. तीनच वर्षांनी निवृत्त सम्राज्ञी जितो यांचेही दहन झाले आणि त्यांच्या अस्थी पतीच्या समाधीत ठेवण्यात आल्या. सम्राज्ञीसाठीही नवी टेकडी उभारली गेली नाही.

होर्यूजीच्या बाबतीत एक गोष्ट सांगावयाची राहिली. तेथील मुख्य मंदिराच्या भिंतींवर सातव्या-आठव्या शतकांच्या संधिकाळातील बुद्ध व बोधिसत्त्वांची चित्रे होती आणि त्यांची तुलना नेहमीच अजिंठ्याशी केली जाते. चित्रकार अराइ काम्पो हे १९१६ मध्ये रवींद्रनाथ टागोरांच्या निमंत्रणावरून भारतात आले, अजिंठ्याच्या चित्रांच्या प्रतिकृती करण्यासाठी लेण्यांत राहिले, आणि १९४० पासून होर्यूजीच्या चित्रांच्या प्रतिकृती करण्याच्या कामात सहभागी झाले. २६ जानेवारी १९४९ रोजी त्या मंदिरात आग लागली आणि चित्रे होरपळून गेली. (बरोबर एक वर्षाने, त्याच तारखेस, आपले संविधान अमलात आले.) त्या आगीच्या धक्क्यातून जपानने १९५० मध्ये सांस्कृतिक संपत्तीच्या संरक्षणाचा कायदा केला. फुजिनोकीला याच कायद्याने संरक्षण मिळाले: १९९१ मध्ये टेकडी राष्ट्रीय ऐतिहासिक स्थळ म्हणून घोषित झाली आणि २००४ मध्ये तेथील वस्तूंना राष्ट्रीय संपदेचा दर्जा मिळाला.

आज टेकडीभोवती छोटे उद्यान आहे. मूळ खोगीर, मुकुट आणि मणी काशिहारा पुरातत्त्व संस्थेच्या संग्रहालयात ठेवलेले आहेत. इकारुगा येथील सांस्कृतिक केंद्रात त्यांच्या प्रतिकृती पाहता येतात. दफनदालन एरवी बंद असते, वसंतात आणि शरदात काही दिवस ते लोकांसाठी उघडतात. आपल्यापैकी अनेकांची मुले आज शिक्षणासाठी वा नोकरीनिमित्त जपानमध्ये आहेत आणि त्यांना भेटावयास जाणारे पालक होर्यूजीचे दर्शन घेऊन परततात. त्यांनी पश्चिमेच्या दरवाजातून बाहेर पडून आणखी पाच मिनिटे चालावे. ती लाल दगडी पेटी अजूनही तिच्या मूळ जागी, दालनाच्या मागच्या भिंतीशी आडवी ठेवलेली आहे.